मोर्चातले चेहरे: वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

६ मार्च २०१८ रोजी नाशिकच्या सीबीएस चौकातून निघालेला शेतकऱ्यांचा लाँग मार्च सुमारे १८० किलोमीटर चालून १२ मार्चला मुंबईच्या आझाद मैदानात पोचला. त्या आठवड्याचे फोटो आठवायला गेलं की लाल टोप्यांची लांबच लांब रांग आठवते, कसारा घाट आठवतो आणि सोललेले तळपाय आठवतात. ते पाय ज्यांचे होते त्यांचे चेहरे, नावागावासकट, त्या मानाने कमी राहिले. पुढच्या वेळी तसं होऊ नये म्हणून काय करता येईल, असं विचारणारी बरीच पत्रं आली आहेत. त्यातल्या निवडक प्रश्नांना ही उत्तरं.

प्रश्न: माझ्याकडे कॅमेरा नाही, साधा फोन आहे. त्यावर मोर्चातल्या माणसांचे चांगले फोटो निघतील का? (विद्यार्थिनी, गंगापूर रोड)

उत्तर: निघतील. पण आधी फोनमधल्या दोन गोष्टी बंद करा. पहिली ‘ब्यूटी’. बऱ्याच फोनांत ती विकत घेतल्यापासून सुरूच असते. रापलेली कातडी ती गोरी करते, सुरकुत्या पुसते, आणि म्हाताऱ्या बाईच्या कपाळावरचं हिरवं गोंदण चक्क फिकं करून टाकते. जे टिपायला गेलात तेच जातं. दुसरी गोष्ट पोर्ट्रेट मोड. मागचं सगळं पुसट करायला चेहरा कुठे संपतो याचा तो अंदाज बांधतो, आणि डोक्यावरचा पदर, टोपीचं टोक, वाऱ्यावर सुटलेली बट इथे तो हमखास चुकतो. कान अर्धा पुसट झालेला फोटो नंतर दुरुस्त होत नाही.

फोन माणसाच्या तोंडाजवळ नेऊ नका. अर्ध्या मीटरवरून काढलं तर नाक फुगतं आणि कान मागे पळतात. दीड मीटर लांब उभे राहा आणि २ एक्स वापरा. वेगळी २ एक्सची लेन्स नसली तरी अंतर तेवढंच ठेवा आणि फोटो नंतर कापा. चेहऱ्याची ठेवण अंतराने ठरते, लेन्सने नाही. कॅमेरा असेल तर फुल फ्रेमवर (मोठ्या सेन्सरवर) ८५ मिमी आणि लहान सेन्सरवर ५० मिमी हे याच कामाचे आकडे आहेत.

उजेडाचं म्हणाल तर दुपारी बाराच्या उन्हात उभं करून फोटो काढूच नका. डोळ्यांच्या जागी काळी खळगी येतात. एसटीची सावली, दुकानाचं छप्पर, गोल्फ क्लब मैदानाच्या कडेचं झाड, काहीही चालेल. माणसाला सावलीच्या कडेपासून एक-दोन पावलं आत उभं करा आणि तोंड बाहेरच्या उघड्या आभाळाकडे ठेवा. मग बुबुळाकडे निरखून पाहा. वरच्या अर्ध्या भागात आभाळाचा एक पांढरा ठिपका दिसला पाहिजे. तो नसला तर नजर विझलेली वाटते. अशा वेळी माणसाला हनुवटी बोटभर वर घ्यायला सांगा, नाहीतर अर्धं पाऊल पुढे घ्या.

पडद्यावर चेहऱ्यावर बोट दाबून धरलं की फोकस आणि उजेड कुलूपबंद होतो. त्यानंतर सूर्याचं चिन्ह जरा खाली ओढा. पांढरी टोपी असेल तर तिच्या चुण्या दिसायला हव्यात. टोपीचा नुसता पांढरा ठोकळा झाला असेल तर उजेड अजून कमी करा. लाल टोपीची गंमत वेगळी आहे. भडक लाल रंग बाकी रंगांच्या आधीच भरून जातो आणि कापडाचं विणकाम नाहीसं होतं. तिथेही उजेड थोडा कमी घ्या, आणि रंग ‘व्हिव्हिड’ असतील तर साध्यावर आणा.

सगळ्यात जास्त फोटो कशाने बिघडतात? खिशातल्या घामाने आणि बोटांच्या तेलाने माखलेल्या लेन्सने. प्रत्येक माणसाआधी जुन्या सुती कापडाने ती पुसा. फोन उन्हात तापला की कॅमेरा आपोआप बंद पडतो, म्हणून तो हातात मिरवू नका, पिशवीत ठेवा. ओल्या फडक्यात मात्र गुंडाळू नका.

प्रश्न: मुक्कामाच्या जागी कापड टांगून छोटा स्टुडिओ करायचा आहे. कापड कोणतं, किती, आणि तो वाऱ्यात उभा कसा राहील? (छायाचित्रण मंडळ, सिडको)

उत्तर: ही पद्धत फार उपयोगाची आहे. २०१४ च्या फेब्रुवारीत युक्रेनमध्ये, कीव्हच्या मैदान चौकातल्या बॅरिकेडजवळ एका छायाचित्रकर्तीने काळं कापड टांगलं. घरी बनवलेली चिलखतं आणि हेल्मेटं घातलेले पुरुष, आणि मृतांसाठी फुलं घेऊन आलेल्या बायका, अशांना एकेक करून त्यासमोर उभं करून तिने फिल्मच्या कॅमेऱ्याने फोटो काढले. मागची आग, धूर, गर्दी सगळी कापडाआड गेली आणि माणूस तेवढा उरला.

पण तिथलं काळं कापड जसंच्या तसं इथे आणू नका. आपल्याकडे केस काळे, वर्ण सावळा. काळ्यावर केसांची कड बुडते आणि डोकं कापडात विरघळल्यासारखं दिसतं. पांढरं घेतलं तर पांढरी टोपी आणि पागोटं नाहीसं होतं. मधला राखाडी रंग दोघांनाही सांभाळतो. मांजरपाट घ्या आणि रंगाऱ्याकडून राखाडी रंगवून घ्या. सॅटिन, नायलॉन, बॅनरचं फ्लेक्स यांना चकाकी असते, ती फोटोत पट्ट्यांसारखी उमटते.

माप दोन मीटर रुंद, अडीच मीटर उंच. एक पन्हा पुरत नसेल तर दोन जोडा, शिवण उभी आणि मधोमध येऊ देऊ नका, नाहीतर ती नेमकी डोक्यातून निघालेली दिसते. वरच्या आणि खालच्या कडेला नेफा शिवून दोन्हीत बांबू सरकवा. खालचा बांबूच खरं काम करतो, तो नसेल तर कापड शिडासारखं फुगतं. दोन उभे बांबू, प्रत्येकाच्या बुडाशी दहाएक किलो वाळूची गोणी, आणि वरच्या टोकापासून मागे सुतळीचे ताण. एवढं करूनही दुपारच्या वाऱ्यात एक माणूस बांबू धरायला हवाच. अडीच मीटरचा बांबू बसलेल्या म्हाताऱ्यांच्या अंगावर पडणं ही किरकोळ चूक नव्हे. त्यापेक्षा भिंत किंवा ट्रकचा हौदा मिळाला तर त्यालाच वरचा बांबू बांधा.

माणूस कापडापासून चार-पाच फूट पुढे. टेकून उभा राहिला तर त्याची सावली आणि कापडाच्या चुण्या दोन्ही येतात. उजेड एका बाजूने आभाळाचा, दुसऱ्या बाजूला थर्माकोलची दोन बाय तीन फुटांची पाटी. चंदेरी कागद लावू नका, डोळे मिचकावले जातात. वर काय टांगलंय तेही बघा. निळी ताडपत्री असेल तर सगळे चेहरे आजारी दिसतात, लाल मांडवाखाली सगळे तापलेले. पांढरं कापड किंवा उघडं आभाळ, याशिवाय तिसरं काही नको. प्रत्येक जागी आधी एका कोऱ्या कागदाचा फोटो घ्या, नंतर रंग सुधारायला तोच उपयोगी पडतो.

मोकळ्या सावलीत आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) २००, एफ (लेन्सचं छिद्र) ५.६, शटर १/२०० सेकंद इथून सुरुवात करा. कॅमेऱ्याच्या स्वयंचलित मापावर राहिलात तर काळ्या पडद्यासमोर चेहरा उजळून जातो आणि पांढऱ्यासमोर काळवंडतो, कारण कॅमेरा सगळ्या चौकटीची सरासरी काढतो. राखाडीचा दुसरा फायदा हा. फोकस जवळच्या डोळ्यावर.

एकाने फोटो काढायचा, दुसऱ्याने बोलायचं आणि लिहायचं. सुरगाणा, पेठकडची माणसं असतील तर त्यांची बोली येणारा हा दुसरा माणूस कॅमेऱ्यापेक्षा महत्त्वाचा आहे. माणशी पाच मिनिटं धरा, दोन तासांच्या मुक्कामात वीस-बावीस माणसं होतात. प्रत्येकाचे सहा फोटो, एका रॉ फाइलचे (कॅमेऱ्याच्या मूळ, न आवळलेल्या फाइलचे) ३० एमबी, म्हणजे चार जीबीच्या आसपास. १६ जीबीचं कार्ड पुरून उरतं. रांग वाढली तरी घाई करू नका, घाईचे चेहरे सगळे सारखेच येतात.

एक गोष्ट आग्रहाने सांगायची आहे. माणसाच्या हातात नंबराची पाटी देऊ नका. हिशेबाला सोयीची वाटते, पण तसा फोटो पोलीस ठाण्यातल्या फोटोसारखा दिसतो, आणि समोरच्याला ते लगेच कळतं. वहीच्या पानावर क्रमांक लिहा, आधी त्या पानाचा फोटो घ्या, मग माणसाचा. हात मोकळे राहिले की माणूस आपोआप काहीतरी धरतो: काठी, झेंड्याचा दांडा, भाकरीचं फडकं. ते तसंच राहू द्या.

प्रश्न: चालत्या मोर्चात आणि रात्री फोटो हलतात. काय करावं? (वाचक, इगतपुरी)

उत्तर: चालणाऱ्या माणसाला १/२५० सेकंद हा शटरचा किमान वेग. पण खरी चूक वेगाची नसते, आपण मोर्चासमोर उलटं चालत फोटो काढतो ही असते. महामार्गावर हे जिवावर बेतू शकतं. दोनशे मीटर पुढे जा, चढ किंवा वळण गाठा आणि थांबा. चढावर चाल मंदावते आणि माणसं मान वर करून बघतात. कसारा घाट पश्चिमेकडे उतरतो, त्यामुळे सकाळी डोंगराची सावली मिळते आणि तिथला उजेड मऊ असतो.

रात्री मोबाइलची टॉर्च कुणाच्या तोंडावर मारू नका. दमलेल्या माणसाला ते सहन होत नाही आणि फोटोही घाबरल्यासारखा येतो. चहाच्या गाडीवरचा दिवा, पेट्रोल पंपाचं छत, दुकानाची ट्यूब शोधा. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून ट्यूब आणि स्वस्त एलईडी सेकंदाला शंभर वेळा लुकलुकतात. १/२५० ला फोटोत आडवे काळे पट्टे येतात ते याचमुळे. बसलेल्या माणसाला १/५०, उभ्याला १/१०० ठेवा, पट्टे जातात. फोनमध्ये हा आकडा ‘प्रो’ मोडमध्ये सापडतो.

प्रश्न: परवानगी लेखी घ्यावी का? सही येत नसलेल्यांचा अंगठा घेतला तर चालेल का? (शिक्षिका, दिंडोरी)

उत्तर: अंगठा घेऊ नका. कर्जाच्या आणि जमिनीच्या कागदांवर अंगठे देऊन पस्तावलेल्या घरांतली ही माणसं आहेत. मोर्चातल्या अनोळखी माणसाने कागद पुढे केला की ती एक तर घाबरतात, नाहीतर भिडेपोटी देतात. दोन्हींना परवानगी म्हणता येत नाही.

त्याऐवजी तीन वेगळे प्रश्न विचारा आणि उत्तरं फोनवर रेकॉर्ड करा, अर्ध्या मिनिटाचं काम आहे. ‘मावशी, तुमचा फोटो काढू का?’ ‘खाली नाव-गाव लिहिलं तर चालेल का?’ ‘हा फोटो नाशकात प्रदर्शनात लावू का, मासिकात छापू का, मोबाइलवर सगळीकडे जाईल असा टाकू का?’ तिसऱ्या प्रश्नाचे तीन तुकडे वेगवेगळे विचारा. प्रदर्शनाला हो म्हणणारी बाई मोबाइलला नाही म्हणू शकते, आणि असं बऱ्याचदा होतं. ‘व्हायरल’ म्हणजे काय हे सांगायचं असेल तर सरळ सांगा: तुमच्या गावचा सरपंच, वनखात्याचा रेंजर, सावकार, कुणीही हा फोटो बघू शकेल.

पुढाऱ्याने ‘काढा हो सगळ्यांचे’ म्हटलं ती त्याची परवानगी झाली, बाकीच्यांची नाही. बाईला विचारलं आणि उत्तर नवऱ्याने दिलं तर थांबा, तिच्याकडेच बघून पुन्हा विचारा. लहान मुलांचे फोटो आईबापांना विचारूनच, आणि नाव-शाळा लिहू नका. नकार दिलेल्या माणसाचा लांबून लेन्स लावून फोटो काढणं सोडा. त्याला ते कळलं नाही तरी ती चोरीच.

प्रत्येकाला एक चिठ्ठी द्या: फोटोचा क्रमांक, तारीख, तुमचा फोन. मन बदललं तर फोन करायचा, फोटो काढून टाकला जाईल. काढून टाकण्याची तयारी खरी ठेवा. सहा महिन्यांनी फोन आला तर प्रदर्शनातली चौकट उतरवावी लागेल, हे आधीच मंडळात ठरवून घ्या.

आणखी एक. मोर्चाचे चेहरे म्हणजे फक्त चालणाऱ्यांचे नव्हेत. २०१८ मध्ये मुंबईत लोक रस्त्यावर येऊन पाणी, खाणं, चपला वाटत होते. बंदोबस्तावरची महिला पोलीस, पाण्याचा टँकर आणणारा, रिकाम्या शाळेची किल्ली देणारा शिपाई, हेही विचारून टिपा.

प्रश्न: फोटोखाली काय लिहावं? ‘आदिवासी शेतकरी महिला, नाशिक’ एवढं पुरे ना? (पत्रकारितेचा विद्यार्थी)

उत्तर: पुरे नाही. पन्नास वर्षांनी तिच्या नातवाला त्या ओळीवरून आजी सापडणार नाही. नाव ती जसं सांगते तसं लिहा, लिहून झाल्यावर वाचून दाखवा. मग पाडा, गाव, तालुका. एकाच नावाची गावं दोन-दोन तालुक्यांत असतात, म्हणून तालुका कधी गाळू नका. वय नक्की माहीत नसेल तर ‘स्वतःच्या सांगण्यानुसार ६० च्या आसपास’. मग तारीख, वेळ, जागा. शेवटी ती का आली, तिच्याच शब्दांत, एक-दोन वाक्यं. तिची बोली पुस्तकी मराठीत ‘सुधारू’ नका. कळणार नाही असं वाटलं तर खाली अर्थ द्या.

नाशिकच्या डोंगरपट्ट्यातल्या लोकांबाबत एक खाचखळगा नीट समजून घ्या. त्यांच्यातल्या अनेकांचा प्रश्न २००६ च्या वनहक्क कायद्याखालच्या दाव्याचा असतो. या कायद्यात आदिवासी कुटुंबाची वनजमीन १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून कसलेली असावी लागते आणि हक्क जास्तीत जास्त चार हेक्टरपर्यंत मिळतो. बिगरआदिवासी वननिवासींना तीन पिढ्यांचं, म्हणजे ७५ वर्षांचं वास्तव्य दाखवावं लागतं. आता समजा बाई बोलता बोलता म्हणाली, ‘दहा-बारा वर्षं झाली, ही जमीन आम्ही कसतो’, आणि तुम्ही ते छापलंत. तिला दहा-बारा म्हणजे ‘खूप’ म्हणायचं असेल. पण कागदावर ते वाक्य तिच्याच दाव्याच्या विरोधात उभं राहू शकतं. म्हणून वर्षांचे आणि क्षेत्राचे आकडे दाव्याच्या कागदाशी ताडून बघा, नाहीतर गाळा.

शब्दही जपून. ‘दावा दाखल’, ‘दावा मंजूर’, ‘पट्टा मिळाला’ या तीन वेगळ्या पायऱ्या आहेत. दावा प्रलंबित असलेल्या माणसाला फोटोखाली ‘अतिक्रमणधारक’ लिहिणं म्हणजे निकाल लागायच्या आधीच तो देऊन टाकणं. बरेच जण प्लॅस्टिकच्या पिशवीत जपलेला दाव्याचा कागद किंवा सातबारा हातात धरून उभे राहतात. फोटो सुंदर येतो, पण त्यावर गट नंबर, कधी आधार क्रमांकही वाचता येतो. कागद घडी करून धरायला सांगा, किंवा छापताना तेवढा भाग झाका.

प्रश्न: समाजमाध्यमांवर टाकताना कुणाला धोका होऊ नये म्हणून काय काळजी घ्यावी? (वाचक, पंचवटी)

उत्तर: फोटोत न दिसणारी माहिती असते: वेळ, फोनचं मॉडेल आणि लोकेशन सुरू असेल तर जागेचे अक्षांश-रेखांश. कॅमेरा ॲपच्या सेटिंगमध्ये लोकेशन बंद करा. व्हॉट्सॲपवर साधा फोटो म्हणून पाठवलं की ही माहिती पुसली जाते, ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवलं की जशीच्या तशी जाते. घाईत साधा उपाय म्हणजे फोटोचा स्क्रीनशॉट काढून तो टाकणं. मूळ फाइल मात्र जपा, तिच्यातली तारीख-वेळ उद्या पुरावा असते.

चेहरा लपवायचा असेल तर हलकं धूसर करून भागत नाही. पुसट किंवा चौकटी-चौकटीचा चेहरा काही वेळा पुन्हा ओळखता येतो. भरीव काळा ठोकळा ठेवा आणि नवी फाइल म्हणून जतन करा. सिग्नल ॲपमध्ये चेहरे धूसर करायची सोय २०२० पासून आहे, ती पाठवण्याआधी फोनमध्येच काम करते, पण ठोकळ्याची जागा ती घेत नाही. चेहरा झाकला पण गळ्यातलं ओळखपत्र, गाडीचा नंबर, दंडावर गोंदलेलं नाव तसंच राहिलं, असं सर्रास होतं. मागच्या गर्दीत कोण आहे तेही बघा, त्यांना कुणीच विचारलेलं नसतं. राखाडी कापडाचा हा तिसरा फायदा.

आणि नावांची वही, आवाजाची रेकॉर्डिंग फोटोंच्या कार्डावर ठेवू नका. वेगळ्या ठिकाणी, क्रमांकाने जोडलेली. संध्याकाळी कार्डाच्या दोन प्रती, दोन वेगळ्या घरी. दोन्ही उघडून बघेपर्यंत कार्ड पुसू नका. ‘कॉपी झाली’ असा संदेश येऊनही अर्ध्या फाइली रिकाम्या निघतात.

प्रश्न: पोलिसांनी फोन मागितला तर? (वाचक, सातपूर)

उत्तर: हुज्जत घालू नका आणि त्यांच्यासमोर फोटो पुसूही नका, पुसण्याचाच गुन्हा होऊ शकतो. जप्त करणार असतील तर पंचनाम्याची प्रत मागा. १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार झडती-जप्तीचं चित्रीकरण करणं बंधनकारक आहे, ते शांतपणे आठवून द्या. मोर्चाला जाताना फोन बोटाने किंवा चेहऱ्याने उघडणं बंद करून सहा आकडी पिन लावा. ओळखीच्या वकिलाचा नंबर कागदावर लिहून खिशात ठेवा, फोन गेल्यावर फोनमधला नंबर कामाचा नसतो.

प्रश्न: पणजोबा काळाराम मंदिर सत्याग्रहात होते असं घरात सांगतात. एक जुना गटाचा फोटो आहे, फ्रेमच्या काचेला चिकटलेला. तो कसा जपावा आणि त्यातली माणसं कशी ओळखावीत? (वाचक, नाशिकरोड)

उत्तर: हा प्रश्न वाचून फार बरं वाटलं, कारण असे फोटो नाशिकच्या किती घरांत भिंतीवर पिवळे पडत असतील. २ मार्च १९३० रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह सुरू झाला, नाशकात दादासाहेब गायकवाड आघाडीवर होते, आणि तो काही वर्षं चालला. पुढाऱ्यांची नावं इतिहासात आली. दारापाशी बसलेल्या हजारोंपैकी बहुतेकांची घराबाहेर गेलीच नाहीत.

काचेला चिकटलेला फोटो ओढू नका. पाण्याची वाफ देऊ नका. फोटोच्या वरचा थर जिलेटिनचा असतो, तो ओलाव्याने फुगून काचेला बसतो आणि ओढला की चेहऱ्यासकट सोलून येतो. तो काचेसकटच ठेवा आणि काचेतूनच कॉपी करा. खिडकीजवळ टेबलावर आडवा ठेवा, उजेड बाजूने ४५ अंशांत येऊ द्या, फ्लॅश बंद. कॅमेऱ्यासमोर काळा पुठ्ठा धरा, त्याला लेन्सपुरतं भोक पाडा, म्हणजे काचेत तुमचं प्रतिबिंब पडणार नाही. कॅमेरा फोटोला अगदी समांतर हवा. सुटा फोटो असेल तर स्कॅनर, ६०० पीपीआय (इंचाला ६०० पिक्सेल), टिफ फाइल. सहा बाय चार इंचांच्या फोटोची ती ३६०० बाय २४०० पिक्सेलची होते. मागची बाजूही स्कॅन करा. स्टुडिओचा शिक्का, अर्धवट तारीख, उधारीचा आकडा, सगळं कामाचं.

लॅमिनेशन कधीही करू नका, ते परत निघत नाही. पावसाळ्यात बुरशी येते, म्हणून भिंतीवरून काढून कागदी लिफाफ्यात, सिलिका जेलच्या पुड्यांबरोबर डब्यात ठेवा. बुरशी आली म्हणून उन्हात वाळत घातलात तर फोटो वळून तडकतो. पाठीवर लिहायचं तर मऊ पेन्सिलीने, अगदी हलक्या हाताने.

ओळख पटवायला मूळ फोटो फिरवू नका. मोठी प्रत छापा, तिच्यावर ट्रेसिंग पेपर ठेवून प्रत्येक डोक्याभोवती गोल काढा आणि आकडे घाला. मग नात्यातल्या आणि वस्तीतल्या वयस्कर माणसांकडे एकेकाकडे वेगळं जा. सगळ्यांना एकत्र बसवलं की पहिला मोठ्याने बोलणारा जे म्हणेल तेच सगळ्यांना आठवतं. कुणी, कोणत्या तारखेला, कोणत्या आकड्याला काय नाव दिलं ते लिहा. दोन नावं आली तर दोन्ही ठेवा, पुढे प्रश्नचिन्ह घाला.

फोटो सत्याग्रहाचाच आहे असं एकदम धरू नका. त्याच काळातल्या सभा-परिषदांचे, अगदी लग्नांचेही गटफोटो असेच दिसतात. मागे दिसणारी इमारत, पाटी, झेंडा, कागदावरचा शिक्का जुळेपर्यंत ‘घरातल्या सांगण्यानुसार’ असं लिहा. तेवढं लिहिल्याने पणजोबांचा मान कमी होत नाही.

प्रश्न: काढलेल्या फोटोंच्या प्रती त्या लोकांपर्यंत पोचवायच्या आहेत. टपालाने परत येतात. (छायाचित्रण मंडळ, सिडको)

उत्तर: पाड्याचं टपाल बऱ्याचदा दुसऱ्याच गावच्या पोस्टात येतं, म्हणून वहीत ‘पोस्ट’ आणि पिनकोड वेगळा विचारून घ्या. फोन नंबर बहुतेक वेळा मुलाचा किंवा शेजाऱ्याचा असतो, कुणाचा ते लिहा. द्राक्षाच्या हंगामात सुरगाणा-पेठची अनेक घरं दिंडोरी-निफाडच्या बागांवर मजुरीला असतात, तेव्हा गावात कुलूप सापडणार. होळीला माणसं घरी येतात, नंतर पेरणीच्या आधी. त्या दिवसांत आठवडे बाजाराच्या दिवशी सकाळी गेलात तर एका फेरीत दहा-बारा प्रती हातोहात पोचतात.

प्रत पाच बाय सात इंचांची करा, तिला १५०० बाय २१०० पिक्सेल पुरतात. हल्लीच्या फोटोच्या कागदाची पाठ गुळगुळीत असते, तिच्यावर पेन्सिल उमटत नाही आणि पेनाची शाई दुसऱ्या फोटोला लागते. म्हणून नाव, तारीख, जागा वेगळ्या कागदावर लिहून चिकटवा. कुडाच्या घरात धूर आणि ओल दोन्ही असतात, तेव्हा प्रत जाड प्लॅस्टिकच्या पाकिटात द्या आणि पाकिटाचं तोंड खाली करून टांगायला सांगा.

देताना फोटोखालची ओळ वाचून दाखवा. नाव चुकलं असेल तर ते तिथेच कळतं, आणि तुमच्या वहीतली, फाइलमधली, प्रदर्शनातली ओळ त्याच संध्याकाळी दुरुस्त करता येते.